करडईच्या तेलाचं तळं

माझ्या प्रत्येक मॉडेलमध्ये एक चूक असते. सगळ्यांना ती दिसत नाही, पण चांगल्या कॅमेरामनला सापडतेच. मग तो मला बोलावून घेतो आणि म्हणतो, बाई, या पुलाची सावली उलट्या अंगाला पडलीय. मी म्हणते, हो का? आणि तशीच ठेवते. आयुष्यभर मी सिनेमावाल्यांना छोटी गावं, छोटे पूल, छोटी धरणं करून दिली. बुडवायला, जाळायला, पाडायला छोटंच परवडतं. अलीकडची मुलं माझ्यामागं म्हणतात की म्हातारीची नजर गेली. नजर शाबूत आहे. मला भीती वाटते, एवढंच. चूक न ठेवता केलेलं एकच मॉडेल माझ्या हातून झालं, आणि त्याची भीती अजून माझ्या अंगातून गेलेली नाही.

लातूर जिल्हा तेव्हा नवाकोरा होता. पाट्या नव्या, शिक्के नवे, साहेब लोक नवे, आणि कचेऱ्या भाड्याच्या खोल्यांत. त्यात पाऊस नाही. दुष्काळात तेरावा महिना म्हणतात, तसा इथं दुष्काळात नवा जिल्हा आला होता. मी एका सरकारी शाळेत चित्रकलेची बाई होते. नोकरीची ऑर्डर हंगामी. आमच्या वस्तीत सरकारी ऑर्डर हातात पडलेली मी पहिली बाई, त्यामुळे तो कागद मी ट्रंकेत साडीच्या घडीत ठेवायची आणि दर रविवारी काढून बघायची. तो रद्द झाल्याची स्वप्नं मला पडायची. हे कुणाला सांगितलं नव्हतं, आता सांगते.

मला वाढवलं मावशीनं. आई मी पाळण्यात असतानाच गेली. मावशीला मूलबाळ नव्हतं, नवरा लवकर गेलेला, आणि कंधार तालुक्यातल्या आमच्या गावाबाहेरच्या वस्तीत एक खोली आणि काही शेरडं एवढाच तिचा संसार. भिंतीवर बुद्धाचा फोटो आणि खाली माझी शाळेतली बक्षिसं. बहात्तरच्या दुष्काळात मला नांदेडच्या बोर्डिंगात ठेवून ती खडी फोडायला कुठंतरी लांब कामावर गेली होती. परत आली तेव्हा तिच्या उजव्या अंगठ्याला नख नव्हतं. कुठं गेली होतीस, काय काम होतं, हे मी तिला कधी विचारलं नाही. त्या वयात आपण आपल्याच नादात असतो, आणि पुढं विचारायचं राहून जातं.

तर त्या उन्हाळ्यात प्रसिद्धीच्या कचेरीनं नव्या जिल्ह्याची एक छोटी फिल्म काढायचं ठरवलं. गावोगाव गाडी फिरवून ती लोकांना दाखवायची होती. चाकूरच्या पुढं, सडकेपासून आत, एका टेकडीच्या पायथ्याशी बहात्तरला एका तळ्याचं काम निघालं होतं. बांध अर्धा झाला, तेवढ्यात पाऊस आला, मजूर पेरणीला आपापल्या गावी गेले आणि खड्डा तसाच राहिला. नवा जिल्हा आता ते तळं पुरं करणार होता. फिल्मच्या शेवटी ते काठोकाठ भरलेलं दाखवायचं, असा कचेरीतल्या साहेबांचा हुकूम. तळं नाही, पाणी नाही, म्हणून चित्रकलेच्या बाईला बोलावणं आलं.

कॅमेरामन मुंबईचा होता, उन्हानं नाक सोललेला, तोंडाचा फटकळ. त्यानं एका दुपारी मला जे शिकवलं त्यावर मी पुढं पोट भरलं. कॅमेऱ्याला एकच डोळा असतो, म्हणून त्याला जवळचं आणि लांबचं यातला फरक कळत नाही. एक डोळा मिटून नाकासमोर बोट धरा, बोटाआड अख्खी टेकडी जाते. तेव्हा टेकडी खरीच ठेवायची, तिथलीच, लांबची. तळं मात्र छोटं करून कॅमेऱ्याच्या नाकाशी टेबलावर मांडायचं. तळ्याची कड आणि टेकडीचा पायथा असा जुळवायचा की सांधा दिसता कामा नये. पडद्यावर बघणाऱ्याला वाटतं, टेकडीखाली तळं पसरलंय.

मी पत्र्याचं एक ताट करून घेतलं, सहा फूट लांब, चार फूट रुंद. काठाला तिथलीच माती वस्त्रगाळ करून लावली. दगड म्हणून राळ्याचे बारीक दाणे पेरले, गवत म्हणून कुसळं कापून रोवली, झुडपं म्हणून तुरीच्या काड्यांचे शेंडे. वाकून वाकून पाठ मोडली, पण मजा येत होती. मग ताटात पाणी ओतलं आणि मजा संपली.

पाणी आम्ही जवळच्या वाडीच्या टँकरमधून घेतलं होतं. चार घागरी. ते ओतत असताना तीन बाया रिकाम्या घागरी कमरेवर घेऊन येऊन उभ्या राहिल्या. नुसत्या ताटाकडं बघत राहिल्या, मग माझ्याकडं. मी मान खाली घातली. आमच्या गावात विहिरीवर आमच्या वस्तीची पाळी सगळ्यात शेवटी यायची, आणि पाळी येईपर्यंत तळाचा गाळ उरायचा. त्या उभं राहण्याची मला पुरेपूर ओळख होती.

त्यात ते पाणी कामाचंही निघालं नाही. कॅमेऱ्यातून बघून कॅमेरामन म्हणाला, "घर लहान करता येतं, झाड लहान करता येतं, पाण्याचा थेंब लहान होत नाही. ताटातली लाट ताटातलीच दिसते." खरंच होतं. वाऱ्याची झुळूक आली की ते तळं जेवणाच्या ताटासारखं थरथरायचं.

पाणी त्या बायांच्या घागरींत परत भरलं. आणि त्याच दुपारी मला सुचलं. मावशी कढई कलती करायची तेव्हा तेल कसं जड, सावकाश हलायचं, ते आठवलं. लांबून बघितलेलं मोठं पाणी तसंच हलतं. लातुरात तेलाला काय तोटा? घाण्यावरून करडईच्या तेलाचे तीन डबे आणले. फ्रेमवाल्याकडून मोठी काच आणली, ती खालच्या बाजूनं रंगवली, मध्ये गडद निळी, काठाला मातकट. ताटात काच, काचेवर बोटभर तेल. कॅमेरामननं डोळा लावला आणि बराच वेळ काढलाच नाही. मग म्हणाला, "बाई, तुम्ही इथं खडू काय झिजवताय?"

त्या वाक्यानं मी हवेत गेले. एक थेंब पाणी न लागता तळं झालं होतं, बायांच्या घागरी भरलेल्या राहिल्या होत्या, आणि मला वाटलं, मी सगळ्यांचं भलं केलं. आता सगळं हुबेहूब करायचं वेड डोक्यात शिरलं. अर्ध्या बांधावर एक एकटा पळस होता, बुंध्यापासून वाकलेला, वर दोन फांद्या. तेव्हा तो फुलांनी लालभडक झाला होता. तळं असतं तर त्याचं प्रतिबिंब पाण्यात पडलं असतं. लांबचं झाड टेबलावरच्या तेलात कसं पडणार? म्हणून मी ते काचेखाली रंगवलं, उलटं, वाकण तेच, फांद्या त्याच, फुलंसुद्धा तिथल्या तिथं. दोन दिवस लागले. कॅमेरामन म्हणाला होता की एवढं कुणी बघत नाही. मी ऐकलं नाही.

भर दुपारी, सावल्या आखूड असताना, शॉट घेतला. मी चौकटीबाहेर बसून विंझण्यानं हलकं वारं घालत होते. तेलावर सुस्त लाटा उठल्या. कॅमेऱ्यातली फिल्म नेहमीपेक्षा जोरात फिरवली होती, म्हणजे पडद्यावर त्या आणखी सावकाश दिसणार होत्या. तेवढ्यात एक कावळा आला, ताटाच्या कडेवर बसला आणि त्यानं तेलात चोच बुडवली. डोकं झटकलं. पुन्हा बुडवली. उन्हानं त्याची चोच उघडीच होती. मग तो उडून पळसावर गेला आणि फांदीला चोच घासत बसला.

"पास!" कॅमेरामन ओरडला. "कावळा फसला, आता माणसाचं काय!"

सगळे हसले. मीही हसले. पण तो कावळा संध्याकाळपर्यंत चोच घासत होता. मी धीर करून साहेबांना विचारलं, हे मॉडेल आहे असं फिल्ममध्ये लिहायचं का? साहेब मऊ बोलायचे. ओरडणाऱ्या माणसाची मला भीती वाटत नाही, मऊ बोलणाऱ्याची वाटते. ते म्हणाले, "बाई, शेवटी निवेदनात येतंच आहे, हे काम होणार आहे म्हणून. बाहेर मात्र कुणाला ताट-तेल सांगत बसू नका. लोकांचा भरवसा उडतो." आणि जाता जाता म्हणाले, "तुमची ऑर्डर अजून कायम झालेली नाही, नाही का?"

फिल्म मुंबईला जाऊन तयार होऊन आली तोवर पळसाची फुलं गळून गेली होती आणि उन्हाळा पेटला होता. गाडी दुरुस्तीला नांदेडला जायची होती. तेव्हा मीच साहेबांच्या मागं लागले की येताना माझ्या गावात एक खेळ दाखवा, मी सोबत येते. मावशीनं माझं काम बघावं, एवढाच हव्यास. आपल्याच हातानं आपल्याच पायावर धोंडा, दुसरं काय.

खेळ गावच्या शाळेत भरदुपारी झाला. खिडक्यांना घोंगड्या लावून खोली काळोखी केली. अख्खं गाव आत, घामाचा आणि घोंगड्यांचा वास. मावशी पुढं पोरांमध्ये बसली होती, नवं लुगडं नेसून. मी मागं साहेबांशेजारी उभी. आधी कचेऱ्या दिसल्या, शाळा दिसली, कुणी हूं की चूं केलं नाही. मग शेवटी टेकडी आली, आणि टेकडीखाली तळं.

पोरं किंचाळली, "पाणी! पाणी!" बाया उठून उभ्या राहिल्या. कुणी टाळ्या वाजवल्या, कुणी नुसतंच "अगं माय, माय" करत होतं. निवेदनातलं 'होणार आहे' त्या गलक्यात कुठल्या कुठं गेलं. साहेब खूश होते. मी मावशीच्या पाठीकडं बघत होते, आणि ती पाठ एकदम ताठ झाली.

घोंगड्या काढल्यावर ती लोकांना ढकलत माझ्यापाशी आली. तिचा चेहरा मी तसा कधी पाहिला नव्हता. माझं मनगट धरून म्हणाली, "त्यो पळस वळखला मी. वाकडा, दोन फांद्यांचा. बहात्तरला त्याच्याच बुडी बसून भाकर खायचे मी. आमचंच काम हाय ते! आमी खांदलं, बाई. माझं नख तिथंच गेलं." मग पडद्याकडं बघून, आवाज खाली आणून तिनं विचारलं, "भरलं व्हय गं ते? खरंच भरलं?"

साहेब हातभर अंतरावर होते. ते माझ्याकडं बघून हसले, मऊच.

मला बोलता आलं असतं. नंतर सांगते, एवढं तरी म्हणता आलं असतं. माझ्या डोळ्यांसमोर ट्रंकेतला तो कागद आला. मी म्हटलं, "हाव, मावशे."

तिनं माझ्या दोन्ही गालांवरून हात फिरवून बोटं मोडली. "पळसाची सावली बी पडली व्हती पाण्यात," ती म्हणाली. "लाल लाल." मग ती वस्तीकडं सांगत सुटली की आमचं तळं भरलं. मी गाडीत बसले. गाडी गावाबाहेर पडेपर्यंत मी मागं बघितलं नाही. पुढच्या खेपेला एकटी येऊन तिला सगळं सांगायचं, असं मी मनाशी ठरवलं, आणि ठरवल्यावर जरा बरं वाटलं. भित्र्या माणसाला ठरवण्यानंच बरं वाटतं.

आठवडा गेला. एका सकाळी लातूरच्या स्टँडवर आमच्या भागातला एक कंडक्टर भेटला. नांदेडच्या गाडीवर असायचा, मावशीला ओळखायचा. "जयभीम, म्याडम," तो म्हणाला. "मावशी पोचल्या का तुमच्या?"

"कुठं?"

"काल दुपारी अहमदपूरच्या अलीकडं सडकेनं चाललेल्या दिसल्या. शेरडं हाकलून राहिल्या होत्या. गाडी थांबवून म्हणालो, मावशी, एवढ्या उन्हात कुठं? तर म्हणाल्या, लेकीनं दाखवलेल्या तळ्याला. आता तिथंच राहती म्हणाल्या पाऊस पडूस्तोर."

मी तिथंच फलाटाच्या कडेला बसले. आमच्या गावाहून त्या टेकडीला शेरडांच्या चालीनं तीन दिवस तरी लागतात. वाटेतल्या विहिरी आटलेल्या, आणि असेल त्या विहिरीवर परक्या बाईला शेरडांसकट कोण पाणी देतं? आणि मग मला ती खरी भीती कळली. मावशी हिशेबी होती. तिनं जाण्यापुरतंच पाणी घेतलं असणार. परतीचं कशाला घेईल? तिथं तळं आहे.

शाळेला कळवलं नाही, साहेबांना कळवलं नाही. घरी जाऊन पाच लिटरचा डबा पाण्यानं भरला आणि चाकूरची गाडी धरली. खिडकीतून दिसणारं प्रत्येक शेरडू मला तिचं वाटत होतं. सडकेकडेला एक मेलेली शेळी दिसली, करड्या रंगाची. मावशीकडं एक करडी होती. मी ड्रायव्हरला ओरडून गाडी थांबवायला लावली, लोक चिडले, मी उतरून बघून आले. कान फाटका नव्हता. तिच्या करडीचा कान फाटका होता. पुन्हा चढले. शेजारच्या बाईनं विचारलं, काय हरवलं का? मी मान हलवली.

चाकूरला उतरले तर पुढं काहीच वाहन नाही. शेवटी टँकर भरून निघालेल्या एका ड्रायव्हरला हात केला. आधी तो नाही म्हणाला, बायामाणसांना बसवायला बंदी आहे म्हणाला. मी रस्त्यातून हलले नाही. मला आजही कुणी हट्टी म्हटलं तर राग येतो, पण त्या दिवशी मी चाकापुढं उभी होते हे खरं. त्यानं बसवलं. वाटेत त्यानं विचारलं, "त्या खड्ड्याकडं काय हाय, बाई?" मी म्हटलं, "माझी मावशी." वाडीला टँकर रिकामा करून परत येताना तुम्हाला घेतो म्हणाला आणि फाट्यावर सोडलं.

फाट्यापासून टेकडी अर्धा तास. दुपार कलली होती, पण जमीन पायाखाली चटके देत होती. लांबून पळस दिसला. फुलं नाहीत, वाकलेला, दोन फांद्या. त्याच्या तुटपुंज्या सावलीत शेरडं आडवी पडली होती. मी मोजली. आठ. तिच्याकडं अकरा होती. आठातली एक मान उचलत होती, बाकीची निपचित. मावशी कुठंच नव्हती.

"मावशे!" मी ओरडले. टेकडीनं आवाज परत दिला. मी पुन्हा ओरडले. त्या क्षणी माझ्या मनात काय काय येऊन गेलं ते लिहायची आजही हिंमत होत नाही.

मग बांधाच्या पलीकडून, खालून, काहीतरी खरवडल्याचा आवाज आला. मी बांधावर चढले. खड्ड्याच्या तळाशी, जिथं माझ्या काचेवर सगळ्यात गडद निळा रंग होता, तिथं मावशी गुडघ्यांवर बसून खुरप्यानं माती उकरत होती. पाण्याचा झिरा लागतो का बघत होती. हातभर खोल गेली होती. माती कोरडीच होती.

मी घसरत खाली गेले. तिचे ओठ फुटले होते, पदर मातीनं भरलेला. तिनं मला बघितलं आणि तिला नवल वाटलं नाही, जणू मी येणारच होते. मी डबा उघडून तिच्या तोंडाला लावला. तिनं दोन घोट घेतले आणि हातानं डबा बाजूला केला. "आधी शेरडांला पाज," म्हणाली. "तीन वाटंतच ठेवली. करडी बी गेली."

आम्ही दोघींनी तिच्या गाठोड्यातल्या भाकरीच्या तव्यात ओतून शेरडांना थोडं थोडं पाणी पाजलं. मग ती पळसाला टेकून बसली, तिच्या जुन्या जागी असावं, कारण ढुंगण नेमकं दोन मुळ्यांच्या मध्ये बसलं. ती खड्ड्याकडं बघत होती.

"उशीर केला मी," ती म्हणाली. "गाभण शेळी इयाची व्हती म्हणून चार दिस थांबले. तू सांगितलं त्याच दिवशी निघाले असते तर घावलं असतं पाणी. आटलं, बाई. एवढं मोठं तळं आटलं."

तिनं स्वतःच मला वाट काढून दिली होती. हो, आटलं, एवढं म्हणायचं होतं. ऊन असं होतं की कुणालाही पटलं असतं. तिलाही बरं वाटलं असतं, की आपण खोदलेलं तळं एकदा तरी भरलं होतं. मी तोंड उघडलं तेव्हा नेमकं तेच म्हणायचं ठरवलं होतं. मग तिचा अंगठा दिसला. नख नसलेला, मातीनं माखलेला, आता त्यातून रक्त येत होतं.

"मावशे, ते तळं नव्हतं," मी म्हटलं. "कधीच नव्हतं. मी केलं होतं ते. ताटात."

मी सगळं सांगितलं, पत्र्याचं ताट, राळे, कुसळं, कॅमेऱ्याचा एक डोळा. रडत सांगितलं की न रडता, आठवत नाही.

"मंग पाणी कशाचं व्हतं?"

"तेल होतं. करडईचं."

"आन पळसाची सावली?"

"मी रंगवली. काचेवर."

तिनं मान वर करून पळसाकडं बघितलं. मग खाली, खड्ड्यात, जिथं ती सावली पडली असती तिथं.

"चांगली रंगवलीस," ती म्हणाली.

ती चिडली असती, तर मला सोसलं असतं. दोन थोबाडीत मारल्या असत्या तर मी तिचे हात धरून रडले असते. लांबून टँकरचा हॉर्न ऐकू आला तेव्हा ती गुडघ्यावर हात ठेवून उठली, खुरपं पदराला पुसलं आणि अगदी साध्या आवाजात म्हणाली, "मी तुला इचारलं व्हतं गं."

ड्रायव्हर भला माणूस, टँकर टेकडीपर्यंत आत घेऊन आला. टँकरच्या तळाला राहिलेलं पाणी त्यानं शेरडांसाठी खाली सोडलं आणि ती आठही दोरीनं बांधून मागं चढवली. वाटभर मावशी केबिनमध्ये माझ्या शेजारी डोळे मिटून बसली होती. दुसऱ्या दिवशी मी कचेरीत जाऊन साहेबांना सांगितलं की लोक ते तळं खरं समजून चालत निघाले आहेत. फिल्ममधला तो तुकडा काढून टाकला गेला. माझी ऑर्डर कायम झाली नाही. ज्याला मी एवढी भ्याले ते झालं, आणि गंमत म्हणजे फार काही वाटलं नाही. त्या कॅमेरामननं मुंबईला बोलावलं, आणि पुढचं आयुष्य छोटी धरणं करण्यात गेलं.

म्हणून मी चूक ठेवते. ज्या कुणी ती जागा पायाखाली घातली असेल, तिथल्या झाडाखाली भाकर खाल्ली असेल, त्याला एक तरी गोष्ट खटकली पाहिजे. दिग्दर्शक ओरडतात, ओरडू देत.

लातूरचं घर मी मोडलं नव्हतं, कामापुरती मुंबईला जायची. मावशी नंतर तिथं माझ्याकडं राहायला आली, अकरा वर्षं राहिली. माझ्यावरची तिची माया कमी झाली नाही. मुंबईहून आले की माझ्या डोक्याला तेल लावायची, माझ्या ताटात साय वाढायची, शेजारणींना माझी कामं सांगायची. पण एखादी गोष्ट खरी आहे का, हे तिनं मला पुन्हा कधी विचारलं नाही. लातुरात नळाला आठवड्यातून एकदा पाणी यायचं. मी अंगणातून हाक मारायची, "मावशे, पाणी आलं!" ती उठायची, मोरीत जायची, आधी नळाखाली हात धरायची, आणि मग घागर ठेवायची.